डोळ्याच्या कोपऱ्यातली खूण

माझ्या उजव्या डोळ्यातून सतत पाणी येतं. मी रडत नसते. हे वाक्य मी आजवर इतक्या लोकांना ऐकवलंय की एखाद्या दिवशी पाटी करून गळ्यात अडकवावं असं वाटतं. शाळेत गुरुजी विचारायचे, कोणी मारलं? एस.टी.त शेजारची बाई विचारते, घरी त्रास आहे का? मला बघायला आलेल्या एका मुलाच्या आईने तर उठता उठता माझ्या बापाला बाजूला घेऊन विचारलं होतं, पोरीच्या मनाविरुद्ध तर चाललं नाही ना? मनाविरुद्धच चाललं होतं, पण डोळ्याचा त्याच्याशी काही संबंध नव्हता.

डोळ्याचा संबंध होता फुलसिंगशी.

फुलसिंग आमच्या तांड्यातला. घाटंजीपासून नऊ किलोमीटरवर आमचा तांडा. शंभरेक घरं, सगळी कापूस-तुरीवाली. फुलसिंग लहान लेकरांना डागतो. पोट फुगलं तर पोटावर, दूध ओकलं तर बेंबीजवळ, आणि डोळ्यातून पाणी येत असेल तर नाकाच्या बाजूला, डोळ्याच्या आतल्या कोपऱ्यात. निखाऱ्यावर लाल केलेली दाभणाएवढी सळई आणि डोळा मिटायच्या आत काम उरकलेलं. पैसे घेत नाही. नारळ घेतो आणि मान घेतो. लग्नात तांड्याच्या नायकाच्या, म्हणजे मुखियाच्या, मांडीला मांडी लावून बसतो. आणि त्याच्याकडे फक्त आम्हीच जातो असं समजू नका. आजूबाजूच्या गावांतले मोटारसायकलवाले, पोरांना इंग्रजी शाळेत घालणारे, तेही लेकरू दुपट्यात गुंडाळून त्याच्या अंगणात येतात आणि जाताना पाया पडतात.

मी पाच महिन्यांची झाले तेव्हा माझाही नंबर लागला.

बारावीनंतर मी डोळ्यांच्या दवाखान्यातल्या सहायकाचा कोर्स केला. का केला असं कोणी विचारलं की मी 'आवड' म्हणते. खरं कारण एवढंच की माझ्या डोळ्याचं नेमकं काय झालंय ते मला जाणून घ्यायचं होतं. दुसऱ्या वर्षी कळलं. डोळ्यातलं पाणी पापणीच्या कोपऱ्यातल्या दोन बारीक छिद्रांतून आत जातं, एका छोट्या पिशवीत उतरतं आणि तिथून नळीने नाकात. काही लेकरांची ती नळी जन्मताना खालच्या टोकाला पातळ पडद्याने बंद असते. म्हणून डोळा पाणावतो, चिकटतो. दहातल्या नऊ जणांचा पडदा वर्षाच्या आत आपोआप उघडतो. बोटाने नीट मालिश केली तर लवकर उघडतो. नाहीच उघडला तर भूल देऊन बारीक तार फिरवतात, काही मिनिटांचं काम असतं. म्हणजे मला काहीही झालेलं नव्हतं. मला फक्त थोडे महिने तसंच ठेवायचं होतं. फुलसिंगच्या सळईने माझी छिद्रंच जळून बुजली, वरचंही आणि खालचंही. त्या दिवशी मी वर्गातून उठून बाहेर गेले आणि संडासाच्या भिंतीला पाय दुखेपर्यंत लाथा मारल्या.

यवतमाळच्या ज्या दवाखान्यात मी नोकरीला लागले तिथल्या अर्पिता मॅडमनी माझा डोळा तपासला. म्हणाल्या, काचेची बारीक नळी कायमची बसवून बघता येईल, पण ती जपावी लागेल आणि चालेलच अशी खात्री नाही. मी म्हटलं, पुढे बघू. मला तेव्हा डोळा बरा करण्यापेक्षा फुलसिंगचं वाटोळं करण्यात जास्त रस होता. खोटं कशाला सांगू? मैत्रिणी म्हणायच्या, पोलिसात जा. जाऊन काय सांगणार, मी पाच महिन्यांची असताना असं असं झालं म्हणून? तांड्यातलं एक माणूस माझ्या बाजूने बोललं नसतं. माझी आईसुद्धा नाही.

मग गेल्या डिसेंबरात तो स्वतःच्या पायाने माझ्यासमोर येऊन बसला.

डोक्यावरून उपरणं घेतलेलं, डाव्या डोळ्याजवळ नाकाच्या बाजूला बोराएवढी लाल गाठ. आमच्याकडे त्याला लासरू म्हणतात. नळी बंद झाली की पिशवीत पाणी साचतं, कुजतं, पू होतो. लेकरांचं जसं आपोआप सुटतं तसं मोठ्यांचं सुटत नाही. दुसऱ्या डोळ्यात मोतीबिंदू पिकलेला, त्यामुळे त्याला माझं तोंड नुसतं धूसर दिसत असणार, त्यातून मी मास्क लावलेला. मी त्याला आधी ओळखलं नाही. आधार कार्डावरचं नाव आणि तांडा वाचला आणि हातातलं पेन खाली ठेवलं.

"सोबत कोण आहे, बापू?" मी शहरी मराठीत विचारलं.

"कोणी नाई. मी नेरले लेकीकडं चाललो म्हनून सांगतलं घरी. तुमी कोणाले फोन-बिन नका करू बाई."

मी त्याला आडवं केलं आणि पिशवीवर बोटाने हलकेच दाबलं. पापणीच्या कोपऱ्यातून पिवळा पू वर आला. तो कण्हला. मी अजून एकदा दाबलं. दुसऱ्यांदा दाबायची गरज नव्हती, हेही सांगून टाकते.

तपासून झाल्यावर मॅडमनी त्याला समजावलं. आधी गोळ्यांनी सूज उतरवायची, मग ऑपरेशन. पिशवीशेजारचं नाकाचं हाड थोडं कोरून पाण्याला नवी वाट करून द्यायची. त्या वाटेत एक मऊ, बारीक नळी दोन महिने ठेवायची, तिचा फास डोळ्याच्या कोपऱ्यात आणि टोकं नाकात, आणि मग काढून टाकायची. फुलसिंग मान हलवत होता. मॅडम दुसऱ्या पेशंटकडे वळल्या तेव्हा मी त्याच्या कानाशी वाकले.

"तुमच्याकडे याला डागतात ना बापू? डागून नाही पाहिलं?"

त्याने मला जे उत्तर दिलं ते मी मरेपर्यंत विसरणार नाही. ते त्याने सहज दिलं, चेष्टेत नाही आणि लाजूनही नाही.

"ते लेकरायसाठी ठीक हाय बाई. मोठ्या मानसाले सहन व्हत नाई."

मी बाहेर जाऊन पाणी प्याले. परत आत आले आणि त्याच्या डोळ्यात सांगितलेलं औषध टाकलं.

ऑपरेशन छान झालं. मॅडमचा हात तसाच आहे. टाके निघाले तेव्हा त्याच्या नाकाच्या बाजूला अर्ध्या इंचाची काळपट रेघ तेवढी राहिली. नळी काढायला फेब्रुवारीतली तारीख दिली. मी त्याला दोनदा बजावलं की कोपऱ्यात बोट घालू नका, नळी ओढू नका, तारीख चुकवू नका. तो इथून सरळ नेरला गेला आणि तीन आठवडे तिथेच राहिला.

संक्रांतीला मी घरी गेले. आई म्हणजे आमची याडी, चंदाबाई, तीळ कुटत बसली होती. घरी आम्ही गोरबोलीत, आमच्या बंजारा बोलीत, बोलतो, पण सगळ्यांना कळावं म्हणून ते इथे वऱ्हाडीत मांडते. ती म्हणाली, "तुले मालूम हाय काय, फुलसिंगबापूनं सोताले डागलं."

"काय?"

"लासरू झालतं त्याले. सोताच्या हातानं डागलं म्हंते, आरशात पाहून. नाकाजोळ खूण हाय ना. मी पाह्यली. डोळा कसा कोरडा ठक्क झाला."

मला पहिल्यांदा हसू आलं, मग घाम फुटला. तिचं काही चुकलं नव्हतं. आमच्या तांड्यात त्या जागेवर खूण दिसली की तिचा एकच अर्थ होतो. ऑपरेशनची शिवण अशी असते हे कोणाला ठाऊक असणार? नंतर कळलं की फुलसिंग नेरहून आला तेव्हा पारावर कोणीतरी विचारलं, काय बापू, सोताले डागलं काय? आणि तो नुसती मान हलवून पुढे गेला. एवढ्याने भागलं. आता त्याच्या अंगणात पूर्वीपेक्षा दुप्पट माणसं येत होती. जो स्वतःला डागून घेतो त्याच्या हातात आपलं लेकरू द्यायला कोणाला भीती वाटेल? मॅडमच्या सुरीने त्याचा मान वाढवून ठेवला होता, आणि मदतीला मी होते.

आणि हे सगळं याडी मला काय म्हणून सांगत होती? माझा भाऊ देवीलालची पोरगी, प्रेरणा, चार महिन्यांची. तिचा उजवा डोळा जन्मापासून पाणावायचा. मी वहिनीला, अंजूला, दिवाळीतच मालिश शिकवून गेले होते. अंजूने आठवडाभर केली. मग याडीने तिचा हात धरला. दाबून दाबून पोरीचा डोळा फोडशील म्हणाली. आणि ठरवून टाकलं की पाच महिने पुरे झाले की फुलसिंगकडे न्यायचं. तो पाच महिने झाल्याशिवाय हात लावत नाही. मंगळवारही ठरला होता, फेब्रुवारीतला तिसरा.

मी त्या दिवशी घर डोक्यावर घेतलं. दवाखान्याचा नियम आहे की पेशंटची गोष्ट बाहेर बोलायची नाही. तो मोडून मी देवीलालला बाहेर बैलगाडीपाशी नेऊन सगळं सांगितलं. तो ऐकत राहिला आणि शेवटी हसला.

"तू त्याच्यावर पैलेपासून खार खाऊन हायेस. काहीबी सांगतं."

"अरे, मी स्वतः होते तिथे."

"मंग कागद दाखव."

कागद मॅडमच्या कपाटात. अंजू दारामागे उभी राहून ऐकत होती. तिच्या डोळ्यांत भीती होती, पण सासू आणि नवरा एका बाजूला असताना ती काय बोलणार? मी निघताना तिने प्रेरणाला माझ्याकडे दिलं. पोरगी माझं बोट धरून हसत होती आणि तिच्या डोळ्यातून पाणी गळत होतं. मी तिचा गाल पुसला, मग माझा.

बसमध्ये मी ठरवलं. आता नुसतं फुलसिंगचं वाटोळं करून भागणार नव्हतं. ते त्या मंगळवारच्या आत व्हायला हवं होतं, आणि सगळ्या तांड्याच्या डोळ्यांदेखत.

मी मॅडमच्या मागे लागले. आमच्या तांड्यात शिबिर घ्या, मोतीबिंदूचे निदान पंधरा पेशंट मिळतील, शाळेची खोली मी मिळवते. मॅडमना कौतुक वाटलं. मंगळवारच्या आधीचा रविवार ठरला. मग फेब्रुवारीत फुलसिंगची तारीख उलटून गेली तेव्हा मी सहज बोलल्यासारखं म्हटलं, "तिथला एक पेशंट नळी काढायला तारखेला आलाच नाही. तिथेच काढून टाकू का?"

"टाक की. तुला येतं ते," मॅडम म्हणाल्या. त्या माझ्यावर विश्वास ठेवत होत्या. मी त्या विश्वासाचा काय वापर करणार आहे हे मला त्या क्षणी पूर्ण ठाऊक होतं.

रविवारी शाळेच्या पटांगणात अर्धा तांडा लोटला. मॅडम वर्गात बसून म्हाताऱ्यांचे डोळे तपासत होत्या. मी माझी खुर्ची आणि टेबल बाहेर निंबाच्या झाडापलीकडे उन्हात मांडलं. उजेडासाठी, असं मॅडमना सांगितलं. वर्गातही उजेड भरपूर होता. समोर ताडपत्रीवर बाया लेकरं घेऊन बसल्या होत्या. पहिल्याच ओळीत याडी, मांडीवर प्रेरणा, शेजारी अंजू.

फुलसिंग आला. यावंच लागलं त्याला. नळी सैल होऊन कोपऱ्यातून तिचा फास बाहेर डोकावत होता आणि बुबुळाला घासत होता. डोळा लाल झाला होता. त्याला वाटलं असेल की आत दार लावून गुपचूप काढून देतील आणि लोकांना वाटेल म्हातारा मोतीबिंदू दाखवून आला. तो वर्गाच्या दाराकडे निघालाच होता. मी कार्ड उचललं आणि त्याचं पूर्ण नाव पुकारलं.

तो थबकला. माझा आवाज त्याने ओळखला, दवाखान्यातली बाई म्हणून. जवळ येऊन हळूच म्हणाला, "आत घ्या ना बाई."

"इथेच बसा बापू. इथे उजेड चांगला आहे."

तो बसला. मी कार्डावर जे लिहिलं होतं तेवढंच वाचलं, फक्त मोठ्याने. "फुलसिंग, वय एकाहत्तर. डावा डोळा. नऊ डिसेंबरला यवतमाळला ऑपरेशन. नाकाचं हाड कोरून पाण्याची नवी वाट केली. आत नळी बसवली. बरोबर ना?"

देवीलाल मागे मोटारसायकलवर बसला होता, तो खाली उतरला.

"कोन्या दुसऱ्याचं असन ते कार्ड," फुलसिंग म्हणाला.

"मग नळीही दुसऱ्याचीच असेल. उठायचं तर उठा. पण ती आत राहिली तर घासून घासून डोळ्याला जखम होईल. बघा, तुमची मर्जी."

तो उठायला गेला, खुर्चीच्या हातांवर जोर दिला, आणि तसाच राहिला. डोळा प्रत्येकाला प्यारा असतो. मग तो परत मागे टेकला. त्याला खुर्चीत बसलेलं बघून मला जे वाटलं ते चांगल्या माणसाला वाटू नये. मी बधिर करायचा थेंब टाकला, थोडं थांबले, कोपऱ्यातला फास चिमट्यात धरला आणि कात्रीने कापला. त्याला काहीही दुखलं नसणार. मग त्याच्या हातात पांढरं फडकं दिलं.

"दुसरी नाकपुडी दाबा आणि जोरात शिंकरा."

तो शिंकरेना. मी वाट पाहिली. सगळेच वाट पाहत होते, आणि एवढ्या माणसांनी टक लावून पाहिल्यावर माणूस किती वेळ बसून राहणार? शेवटी त्याने शिंकरलं. फडक्यात शेंबडाबरोबर नळी पडली, वीतभर लांब, पारदर्शक, सुतळीपेक्षा बारीक. मी ती चिमट्याने उचलून उन्हात धरली.

पुढच्या ओळीतली एक म्हातारी डोळे बारीक करून म्हणाली, "हे काय निंघालं व नाकातून?"

"नळी, काकी. डागल्यावर ही निघत नाही. ऑपरेशन केल्यावर निघते. आणि नाकाजवळची ती खूण टाक्यांची आहे."

मला एवढ्यावर थांबता आलं असतं. मी थांबले नाही. "मी दवाखान्यात बापूंना विचारलं होतं, डागून नाही पाहिलं का? ते काय म्हणाले ते तुम्ही सांगता बापू, की मी सांगू?"

फुलसिंग खाली बघत होता.

"ते म्हणाले, लेकरायसाठी ठीक हाय. मोठ्या मानसाले सहन व्हत नाई."

नळीने जे झालं नव्हतं ते या वाक्याने झालं. एका बाईने मांडीवरच्या पोराचा सदरा वर केला आणि त्याच्या पोटावरचे चार गोल डाग बघत बसली. कोणीतरी एक शिवी दिली, अगदी शांतपणे. देवीलाल अंजूकडे बघत होता आणि अंजू त्याच्याकडे बघत नव्हती. वर्गाच्या दारात मॅडम येऊन उभ्या होत्या. त्यांचा चेहरा पाहून कळलं की सोमवारी मला मेमो मिळणार. मिळालाही. सहा महिने शिबिरांना जायची बंदी, पेशंटची अप्रतिष्ठा केल्याबद्दल. त्यांचं बरोबर आहे. मेमो मी जपून ठेवलाय.

पण अजून एक राहिलं होतं. मी मास्क काढला आणि त्याच्या तोंडासमोर तोंड नेलं. "आता माझ्याकडे बघा बापू. हा डोळा कोणी डागला?"

त्याने डोळे किलकिले केले. बराच वेळ बघितलं. मला वाटत होतं तो ओळखेल, घाबरेल, निदान चपापेल तरी. इतकी वर्षं मी ज्याचं नाव घेऊन दात खाल्ले त्याच्या मी लक्षातही नव्हते.

"कोनाची तू?"

"चंदाबाईची. उज्ज्वला."

मग त्याला आठवलं. त्याने मान वळवून ताडपत्रीकडे पाहिलं आणि पहिल्यांदाच आवाज चढवला. "मंग मलेच काहून इचारतं? मी एकट्यानं नाई डागलं. तुह्या याडीनं आनलतं तुले माह्या अंगनात. पाय तिनंच धरले व्हते. इचार तिले."

सगळ्यांच्या माना याडीकडे वळल्या.

मला धक्का बसला असं लिहिलं तर ते खोटं होईल. मला माहीत होतं. पाचवीत होते तेव्हा मामीच्या तोंडून ऐकलं होतं. पण मला एकाच माणसाचा राग करायचा होता, कारण दुसऱ्या माणसाच्या हातची भाकरी मी रोज खात होते, तिच्या कुशीत झोपत होते. फुलसिंग त्या कामाला फार सोयीचा होता. दूरच्या घरातला, मिशीवाला, हातात सळई असलेला. त्याने चारचौघांत ते बोलून दाखवलं आणि मला त्याचा आणखीनच संताप आला, कारण तो खरं बोलत होता.

याडी उठून उभी राहिली. प्रेरणा तिच्या खांद्यावर. तिने पदर सारखा केला नाही, तोंड लपवलं नाही.

"हो, धरले मी," ती म्हणाली. "पाच मैन्याची व्हतीस, पन जोर लय व्हता तुह्यात. दोन्ही हातानं धरावे लागले."

ती एवढंच बोलली. माफी मागितली नाही. मीही काही जाऊन तिच्या गळ्यात पडले नाही. माझ्या मनात तिच्यासाठी त्या वेळी माया नव्हती. दोन्ही हातांनी, हेच शब्द डोक्यात घुमत होते. फुलसिंग कधी उठून गेला ते मी पाहिलं नाही. नंतर ऐकलं की त्या मंगळवारी त्याच्या अंगणात विस्तव पेटला नाही. पुढे पेटला म्हणे कधीतरी, लांबच्या कुठल्या गावच्या माणसांसाठी. तांड्यातलं मात्र कोणी गेलेलं नाही.

मी फुलसिंगची खुर्ची फडक्याने पुसली आणि याडीला म्हटलं, "बस इथे."

ती बसली. मी नेलकटर काढून तिच्या उजव्या हाताच्या बोटांची नखं कापली, हात साबणाने धुवायला लावले. अंजू पुढे झाली. "मी करतो ना बाई, मले येते."

"तू नाही करायचं. हिने करायचं. दिवसातून चार वेळा, दर वेळी दहादा, पोरगी वर्षाची होईपर्यंत. तोवर उघडलं नाही तर मॅडम तार फिरवतील, तेव्हाही पोरीला घेऊन हिनेच यायचं."

याडीने पोरीला मांडीवर आडवं घेतलं. तिचं बोट हवेतच थांबलं. "माह्या हातानं डोळा फुटला तं?"

"पाय धरताना भीती वाटली नाही ना? मग आता कशाला वाटते?"

हे सगळ्या तांड्यासमोर बोलले मी. मला तिला दुखवायचं होतं आणि तिला दुखलं, ते दिसलं. ती बोट ठेवायला जागा शोधू लागली. आधी पापणीवर ठेवलं. मी म्हटलं, तिथे नाही. मग खाली गालाच्या हाडावर ठेवलं. तिथेही नाही, मी म्हटलं. प्रेरणा हातपाय झाडायला लागली. अंजूने तिचे पाय धरायला हात पुढे केला आणि मधेच मागे घेतला.

मी जागा दाखवू शकले असते. मी दाखवली नाही. हात बांधून उभी राहिले.

तेव्हा याडीने मान वर करून माझ्या तोंडाकडे पाहिलं. माझ्या उजव्या डोळ्याच्या कोपऱ्यात, नाकाच्या बाजूला जी खोल, गुळगुळीत खूण आहे तिच्याकडे. माझ्या आठवणीत ती तिकडे असं कधीच बघत नसे. केस विंचरतानाही नाही, तोंड पुसतानाही नाही. आता ती बघत राहिली, ती जागा नीट डोळ्यांत भरून घेईपर्यंत. मग खाली वाकून तिने प्रेरणाच्या तोंडावर अगदी त्याच जागी बोट टेकवलं.

"अठीच ना?" तिने विचारलं.

"तिथेच," मी म्हणाले. "आता हलकेच दाब आणि खाली ओढ, नाकाकडे. दहा वेळा."

ती मोजू लागली.